भूसंपादनाच्या कायद्याचें पाठपरीक्षण

१

इतिहाससंशोधनास वाहिलेल्या त्रैमासिकांत भूसंपादनाच्या कायद्याचें परीक्षण कां यावें, अशी शंका कांहीं वाचकांस येणें स्वाभाविक आहे. तिचें समाधान आरंभींच करितों. एखादी बखर हातीं आली म्हणजे आपण तिच्या प्रती जमवितों, त्या कालानुक्रमें लावितों, कोणत्या प्रतींत कोणता शब्द अधिक आहे व कोणत्या प्रतींतून कोणता गळाला हें पाहतों, आणि मग तो कोणीं व कोणत्या हेतूनें घातला किंवा गाळला याचा विचार करितों. सरकारनें रयतेची जमीन कशी घ्यावी, या विषयावरील कायदा हाही असाच एक ग्रंथ आहे. त्याची पहिली प्रत इ. स. १८२४ ची आणि अगदीं अलीकडची इ. स. २०१३ ची. मधल्या सुमारें १९० वर्षांत त्याच्या अनेक प्रती झाल्या. त्यांतील पाठभेद वाचले असतां राज्यकर्त्यांच्या भाषणांवरून जें कळत नाहीं तें कळतें.

दुसरें कारण अधिक निकडीचें आहे. जमीनमालकास कायद्यानें जें संरक्षण मिळतें तें अखेरीस कागदावर उभें असतें. नोटीस कोणास जावी, पैसा कोणास मिळावा, तक्रार कोणाची ऐकावी, या तिन्ही गोष्टी दप्तरांतील नांवावरून ठरतात. आपल्या मंडळींच्या रुमालांत जीं मिरासपत्रें, वांटणीपत्रें व खरेदीखतें बांधून ठेविलेलीं आहेत, त्यांपैकीं एखादें आजही कोणा कुटुंबाच्या हक्काचा एकमेव पुरावा असूं शकेल. तेव्हां हा विषय आपल्या कक्षेबाहेरचा नाहीं.

कायद्याच्या गुणदोषांचें माप म्हणून आम्हीं चार प्रश्न घेतले आहेत. जमीन कोणत्या कारणासाठीं घेतां येते? घेण्यापूर्वीं मालकाचें म्हणणें कोण ऐकतो? किंमत कशी ठरते? आणि ज्याचें म्हणणें ऐकावयाचें तो कोण? प्रत्येक प्रत या चार प्रश्नांस काय उत्तर देते तेवढेंच पुढें पाहूं.

२

पहिली प्रत म्हणजे बंगाल इलाख्याचें इ. स. १८२४ चें पहिलें रेग्युलेशन. रस्ते, कालवे व इतर सार्वजनिक कामें यांकरितां योग्य किंमत देऊन जमीन घेण्याची मुभा त्यानें सरकारी अंमलदारांस दिली व किंमतीचा वाद पंचांकडे सोपविला. मुंबईस इ. स. १८३९ चा २८ वा कायदा झाला. तो मुंबई व कुलाबा या बेटांतील रस्ते रुंद करणें व नवे काढणें एवढ्यापुरता होता. इ. स. १८५० त त्याची व्याप्ति रेल्वेस लागणाऱ्या जमिनीपर्यंत वाढविण्यांत आली. बोरीबंदरापासून ठाण्यापर्यंत आगगाडी इ. स. १८५३ त धांवली. गाडीच्या आधीं तीन वर्षें कायदा सज्ज होता, हें लक्षांत घेण्याजोगें आहे.

संबंध ब्रिटिश हिंदुस्थानास लागू असा पहिला पाठ इ. स. १८५७ चा सहावा कायदा होय. त्यांतही पंच होते, आणि लांचलुचपत किंवा गैरवर्तन दाखविल्यावांचून त्यांचा निर्णय फिरत नसे. इ. स. १८७० च्या दहाव्या कायद्यानें पंचांची पद्धत मोडून दिवाणी न्यायाधीश व त्याचे दोन असेसर आणिले. याच प्रतींत बाजारभावावर शेंकडा १५ अधिक देण्याचें कलम शिरलें. शिवाय कलेक्टर व मालक यांचें जमलें नाहीं, तर प्रकरण न्यायालयाकडे पाठविणें कलेक्टरास भाग होतें.

इ. स. १८९४ च्या पहिल्या कायद्यानें हें शेवटचें बंधन काढून टाकिलें. कलेक्टरनें ठरविलेली रक्कम कायम धरावयाची. ज्यास ती मान्य नसेल त्यानें मुदतींत अर्ज करावा, मग प्रकरण न्यायालयाकडे जाईल. निर्णयाच्या वेळीं जो हजर असेल त्यास ही मुदत सहा आठवड्यांची होती. वरवर पाहतां हा केवळ कामकाजाच्या सोयीचा बदल दिसतो. परंतु न्यायालयाचें दार ठोठावण्याचें काम पूर्वीं सरकारकडे होतें तें आतां मालकाकडे आलें. ज्याच्या घरीं वकिलाचें येणेंजाणें होतें त्यास यानें फारसा फरक पडला नाहीं. ज्यास नोटीस दुसऱ्याकडून वाचवून घ्यावी लागे, त्याचे सहा आठवडे तिचा अर्थ समजून घेण्यांतच निघून जात. याच कायद्याच्या २५ व्या कलमांत आणखी एक कांटा होता: नोटिशीस उत्तर देऊन ज्यानें आपली मागणी सबळ कारणावांचून मांडली नाहीं, त्यास न्यायालयही कलेक्टरच्या रकमेपेक्षां अधिक देऊं शकत नसे. म्हणजे मौनास दंड होता. हा कांटा इ. स. १९८४ च्या दुरुस्तीपर्यंत, म्हणजे ९० वर्षें, राहिला.

प्रतींच्या या वंशावळींत एक गोष्ट स्पष्ट दिसते. किंमतीचा प्रश्न प्रत्येक प्रतींत आहे व त्याचें उत्तर सुधारत गेलें आहे. कारणाचा व सुनावणीचा प्रश्न पहिल्या ९९ वर्षांत कोणीं विचारलाच नाहीं. सरकारनें सार्वजनिक काम म्हटलें कीं तें सार्वजनिक झालें. सहाव्या कलमाप्रमाणें केलेला जाहीरनामा हाच त्याचा निर्णायक पुरावा मानावयाचा होता.

३

येथें शब्दांकडे थोडें वळणें अवश्य आहे, कारण मराठींत हा कायदा ज्या शब्दांनीं ओळखला जातो ते आपल्या जुन्या दप्तरांतून घेतलेले असून त्यांचा मूळ अर्थ वाटेंत गळाला आहे.

कलेक्टरच्या निर्णयास महसूल दप्तरांत 'निवाडा' म्हणतात. निवाडपत्रें ज्यांनीं वाचलीं आहेत त्यांस या शब्दाचा अर्थ सांगावयास नको. अग्रवादी व पश्चिमवादी समोर उभे, राजीनामे लिहून घेतलेले, गोत बसलेलें, साक्षी झालेल्या, आणि मग तिऱ्हाइतानें दिलेला निर्णय तो निवाडा. भूसंपादनांत जमीन घेणारें सरकार हा एक वादी. निर्णय देणारा कलेक्टर त्याच सरकारचा अंमलदार. कलकत्त्याच्या एका खटल्यांत प्रिव्ही कौन्सिलनें इ. स. १९०५ त ही गोष्ट स्वच्छ शब्दांत मान्य केली: कलेक्टरचें हें काम न्यायदानाचें नसून कारभाराचें आहे, व त्याचा निर्णय म्हणजे सरकारनें मालकापुढें ठेविलेली देकार रक्कम होय. कायद्यानें जो देकार मानिला त्यास आपण निवाडा म्हणतों. नांवानें माणूस फसतो. निवाडा झाला असें ऐकून वाद संपला असें समजणाऱ्या शेतकऱ्यानें मुदत घालविली, तर त्यांत शब्दाचाही दोष आहे असें आम्ही समजतों.

'मोबदला' हा दुसरा शब्द. याचें मूळ अरबी असून अर्थ अदलाबदल, एका वस्तूऐवजीं दुसरी वस्तु, असा आहे. जमिनीचा मोबदला या शब्दाच्या मूळ अर्थानें जमीनच असली पाहिजे. १८९४ च्या कायद्यांत रोख रक्कम हाच नेमाचा मार्ग होता. जमिनीऐवजीं जमीन व गांवाऐवजीं गांव हा विचार महाराष्ट्रांत प्रकल्पग्रस्तांच्या पुनर्वसनाच्या इ. स. १९७६ च्या कायद्यानें आला; म्हणजे शब्द आधीं आला आणि त्याचा अर्थ मागाहून पोंचला.

जुन्या राजवटीचें गुणवर्णन करण्याचा आमचा हेतु नाहीं. सर्व रयतेस सारखा लागू असा लेखी नियम तेव्हां नव्हता. संरक्षण होतें तें वतनाचें व मिरासीचें. परागंदा झालेला मिरासदार पुष्कळ वर्षांनीं परतला तरी आपलें शेत मागूं शके, परंतु उपऱ्यास असा आधार नव्हता. तथापि महजराची एक रीत आजच्या कायद्यानें घेण्यासारखी होती. निर्णयाच्या वेळीं कोण कोण हजर होतें त्यांचीं नांवें महजरावर असत, व ज्यांस लिहितां येत नसे त्यांच्या नांवापुढें नांगराची किंवा धंद्याच्या दुसऱ्या हत्याराची निशाणी असे. कोणाचें ऐकलें हें कागदच सांगत असे. कलेक्टरच्या निवाड्यास असा साक्षीदार नव्हता.

४

ऐकून घेण्याचें कलम प्रथम आलें तें इ. स. १९२३ च्या ३८ व्या कायद्यानें. त्यानें १८९४ च्या प्रतींत '५ अ' हें कलम घातलें. पहिली अधिसूचना निघाल्यापासून ३० दिवसांत हितसंबंधी माणसानें हरकत घ्यावी, कलेक्टरनें त्यास समक्ष किंवा वकिलामार्फत ऐकावें व आपला अहवाल सरकारकडे पाठवावा, असा त्याचा आशय. या कलमाचें वजन मोठें आहे. किंमत किती, एवढाच प्रश्न विचारण्याची मुभा असलेल्या मालकास 'माझीच जमीन कां?' असें विचारण्याची जागा येथें प्रथम मिळाली.

परंतु परीक्षकानें येथेंच थांबूं नये. ज्या दुरुस्तीनें ५ अ आलें त्याच दुरुस्तीनें १७ व्या कलमास चौथें उपकलम जोडलें. निकडीच्या प्रसंगीं सरकारनें हुकूम केल्यास ५ अ लागू होणार नाहीं, असें तें सांगतें. एकाच लेखणीनें एका पानावर दिलेलें दुसऱ्या पानावर परत घेतलें. शिवाय १७ वें कलम पडीक अथवा लागवडीस योग्य जमिनीस लागे. म्हणजे ज्यांची जमीन हेंच उपजीविकेचें साधन त्यांचीच सुनावणी वगळण्याची सोय झाली. पुढें ही निकड इतकी नित्याची झाली कीं, इ. स. २०११ त ग्रेटर नोएडाच्या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें औद्योगिक विकासासारख्या योजलेल्या कामास निकडीचें कलम लावून सुनावणी टाळतां येत नाहीं असें ठरवून तें संपादन रद्द केलें. अपवादानें नियमाची जागा घेतल्याचा याहून चांगला दाखला मिळणें कठीण.

५

आतां कारणाचा प्रश्न. सार्वजनिक प्रयोजन म्हणजे काय, याची बहुमान्य व्याख्या मुंबईच्याच एका खटल्यांतून निघाली आहे. मलबार हिलवरील कंपनी सरकारच्या पट्ट्याची जमीन सरकारी अंमलदारांच्या निवासासाठीं परत घ्यावयाची होती. मुंबई हायकोर्टाचे न्यायमूर्ति बॅचलर यांनीं सांगितलें कीं, ज्यांत व्यक्तींचें नव्हे तर समाजाचें सामान्य हित प्रत्यक्ष गुंतलेलें आहे तें सार्वजनिक प्रयोजन. प्रिव्ही कौन्सिलनें इ. स. १९१४ त तें मान्य केलें आणि सरकारची बाजू उचलून धरली. व्याख्या चांगली आहे. परंतु समाजाचें हित कशांत आहे हें प्रथम सरकारनेंच ठरवावयाचें असल्यामुळें तिचा धाक थोडा राहिला.

१८९४ च्या कायद्याचा सातवा भाग याहून पुढें गेला. त्यानें कंपन्यांसाठीं जमीन घेण्याची वाट उघडली. काम लोकांस उपयोगी पडण्यासारखें आहे अशी सरकारची खात्री झाली म्हणजे पुरे. या वाटेनें काय होतें तें पुणें जिल्ह्यानें मुळशीस पाहिलें. टाटा कंपनीच्या विजेच्या धरणासाठीं मावळांतील सुपीक भातखाचरें पाण्याखालीं जाणार होतीं. इ. स. १९२१ च्या रामनवमीस, १६ एप्रिल रोजीं, सत्याग्रह सुरू झाला. 'जान किंवा जमीन' ही त्याची घोषणा, व सेनापति बापट हे त्याचे पुढारी. इ. स. १९२४ अखेर तो संपला व धरण झालें.

मुळशीचा इतिहास पराक्रमाच्या अंगानें पुष्कळ लिहिला गेला आहे. कायद्याच्या पाठाच्या अंगानें पाहतां त्यांत दोन गोष्टी ठळक दिसतात. पहिली २४ व्या कलमाची. रक्कम ठरवितांना कोणत्या गोष्टी मुळींच लक्षांत घेऊं नयेत याची यादी या कलमांत आहे. तींत 'जमीन सोडण्याविषयीं मालकाची नाखुशी' ही एक आहे. मावळ्यांची सारी तक्रार याच एका बाबीची होती. ते किंमत कमी म्हणून भांडत नव्हते. त्यांस जमीन द्यावयाचीच नव्हती. तें म्हणणें ऐकण्यास कायद्यांत जागा नव्हती इतकेंच नव्हे, तर तें ऐकूं नये असें लिहिलेलें होतें. २०१३ च्या पाठांत हें कलम उरलेलें नाहीं, ही समाधानाची गोष्ट होय.

दुसरी गोष्ट चौथ्या प्रश्नाची, म्हणजे 'कोण' याची. मुळशी पेट्यांतील पुष्कळशा जमिनीचे कागदोपत्रीं मालक पुण्याचे जमीनदार व सावकार होते, आणि कसणारे मावळे त्यांचीं कुळें. पैसा कागदावरील नांवाकडे जाणार. घर व शेत जाणार तें कसणाऱ्याचें. त्यामुळें मोबदला वाढवून घेण्यांत ज्यांचें हित त्यांचे व जमीन राखण्यांत ज्यांचें हित त्यांचे मार्ग निराळे झाले. सत्याग्रहाच्या अपयशाचें खापर केवळ माणसांच्या दुबळेपणावर फोडणाऱ्यांनीं ही फूट कायद्याच्या रचनेंतच होती हें विसरूं नये.

६

स्वातंत्र्यानंतर राज्यघटनेनें इ. स. १९५० त मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांत घातला. पश्चिम बंगालच्या एका खटल्यांत इ. स. १९५३ त सर्वोच्च न्यायालयानें भरपाई म्हणजे घेतलेल्या वस्तूचें न्याय्य मोल असा अर्थ लाविला; लगेच इ. स. १९५५ च्या चौथ्या घटनादुरुस्तीनें भरपाईच्या पुरेपणाचा प्रश्न न्यायालयापासून दूर ठेविला, इ. स. १९७१ च्या पंचविसाव्या दुरुस्तीनें 'भरपाई' जाऊन 'रक्कम' आली, आणि इ. स. १९७८ च्या चव्वेचाळिसाव्या दुरुस्तीनें हा हक्क मूलभूत हक्कांतून निघून ३०० अ या अनुच्छेदांत गेला. कायद्याच्या आधारावांचून कोणाचीही मालमत्ता काढून घेतां येणार नाहीं, एवढेंच तो अनुच्छेद सांगतो. मोठ्या जमीनदारांच्या जमिनी कुळांस देतांना या दुरुस्त्यांची गरज होती, हें मान्य केलेंच पाहिजे. पण त्याच दुरुस्त्यांची सावली दोन एकरांच्या धन्यावरही पडली.

इ. स. १९८४ च्या दुरुस्तीनें दिलासा रक्कम शेंकडा १५ वरून ३० झाली, निवाड्यास दोन वर्षांची मुदत पडली, आणि २८ अ या नव्या कलमानें एक मोठा अन्याय दूर झाला: शेजाऱ्यास न्यायालयांत अधिक किंमत मिळाली तर अर्ज न केलेल्या मालकासही तीन महिन्यांच्या आंत ती मागतां येऊं लागली.

इ. स. २०१३ चा ३० वा कायदा १ जानेवारी २०१४ पासून अंमलांत आला. परीक्षणाच्या मापानें तो सर्व प्रतींत उजवा आहे, हें प्रथम सांगितलें पाहिजे. कारणाच्या प्रश्नासाठीं त्यानें सामाजिक परिणामांची पाहणी व जाहीर सुनावणी आणिली. खाजगी कंपनीसाठीं बाधित कुटुंबांपैकीं शेंकडा ८० व सरकार आणि खाजगी भागीदारीच्या कामासाठीं शेंकडा ७० यांची संमति आवश्यक केली. हरकतीस ६० दिवस दिले. निकडीचें कलम संरक्षण, राष्ट्राची सुरक्षितता, नैसर्गिक आपत्ति व संसदेच्या मान्यतेनें येणारे प्रसंग यांपुरतें आंवळलें. दिलासा रक्कम शेंकडा १०० झाली व ग्रामीण भागांत बाजारभावास दोनपर्यंत गुणण्याची सोय झाली. आणि सर्वांत महत्त्वाचें म्हणजे 'बाधित कुटुंब' या व्याख्येंत कुळें, शेतमजूर व कारागीर, ज्यांचा निर्वाह तीन वर्षांपासून त्या जमिनीवर चालतो, तेही आले. मुळशीच्या मावळ्यास आपलें नांव कायद्यांत सांपडण्यास ९० हून अधिक वर्षें लागलीं.

७

या नव्या प्रतींतील एकाच शब्दाचा इतिहास आपल्या शास्त्राच्या अभ्यासकांनीं अवश्य पाहावा. जुन्या कायद्याखालीं अर्धवट राहिलेल्या प्रकरणांचें काय, याविषयीं २४ व्या कलमाचें दुसरें उपकलम आहे. निवाडा होऊन पांच किंवा अधिक वर्षें झालीं, परंतु जमिनीचा प्रत्यक्ष ताबा घेतलेला नाहीं 'किंवा' मोबदला दिलेला नाहीं, तर तें संपादन संपुष्टांत आलें असें समजावें, असें त्याचे शब्द आहेत.

पुणें महानगरपालिकेच्या खटल्यांत २४ जानेवारी २०१४ रोजीं सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायाधीशांनीं हें कलम जसेंच्या तसें वाचिलें. मालकानें पैसा घेतला नाहीं तर तो न्यायालयांत जमा केला पाहिजे. सरकारी तिजोरींत ठेविलेला पैसा 'दिला' असें म्हणतां येणार नाहीं, असा त्यांचा निर्णय झाला. त्याच्या आधारें देशभर पुष्कळ जुनीं संपादनें ढांसळलीं. पुढें इ. स. २०१८ त दुसऱ्या तीन न्यायाधीशांच्या पीठानें निराळा अर्थ लाविला, व अखेर ६ मार्च २०२० रोजीं इंदूर विकास प्राधिकरणाच्या खटल्यांत पांच न्यायाधीशांच्या पीठानें ठरविलें कीं, येथील 'किंवा' हा 'आणि' असा वाचावयाचा. ताबाही नाहीं आणि मोबदलाही नाहीं, अशा दोन्ही उणीवा असतील तरच संपादन संपेल. एक जरी गोष्ट झाली असली तरी तें टिकेल. तिजोरींतील पैशाविषयींचा पूर्वींचा अर्थही सोडून देण्यांत आला.

निर्णयाच्या बाजूस कारणें नाहींत असें नाहीं. नकारार्थी वाक्यांत 'किंवा' संदिग्ध होतो, हें व्याकरण जाणणाऱ्यास ठाऊक आहे. दशकांपूर्वीं बांधलेले रस्ते व वसाहती यांच्या खालची जमीन उगाच परत मागितली जाऊं नये, ही चिंताही खरी होती. पण हस्तलिखितांच्या परीक्षणांत एक नियम आपण पाळतों: जो पाठ कठीण वाटतो तो केवळ कठीण म्हणून सुधारूं नये; सुधारल्यास ज्याच्या सोयीची ती सुधारणा होते त्याचा संशय धरावा. हें उपकलम दिरंगाई करणाऱ्या सरकारला शिक्षा म्हणून लिहिलेलें होतें. 'आणि' असा पाठ धरल्यानें त्या शिक्षेची धार बोथट झाली, व तीही दिरंगाई करणाऱ्याच्याच सोयीनें. न्यायालयाचा शब्द अखेरचा आहे व तो पाळलाच पाहिजे. तथापि कायदा करणाऱ्यांनीं आपला एक शब्द इतका ढिला सोडावा, हा त्या प्रतीचा दोष म्हणून नोंदविणें आमचें काम आहे.

दुसरा दोष परिशिष्टांत दडलेला आहे. राष्ट्रीय महामार्ग, रेल्वे इत्यादींच्या १३ कायद्यांस चौथ्या अनुसूचींत घालून मुख्य कायद्यापासून वगळण्यांत आलें. इ. स. २०१५ च्या हुकुमानें मोबदला व पुनर्वसन यांचीं कलमें त्यांस लागू झालीं. सामाजिक पाहणी व संमति मात्र लागू झाली नाहीं. तिसरा दोष राज्यांच्या दुरुस्त्यांचा. केंद्राचे इ. स. २०१४ व २०१५ चे वटहुकूम ऑगस्ट २०१५ अखेर संपले, पण त्यांतील सवलती पुढें कित्येक राज्यांनीं आपापल्या दुरुस्त्यांनीं घेतल्या, महाराष्ट्रानेंही इ. स. २०१८ त कांहीं प्रकारच्या कामांस पाहणींतून वगळण्याची सोय करून घेतली. पुन्हां तोच क्रम: किंमत राहते, सुनावणी गळते.

म्हणूनच १६ मे २०२४ चा कलकत्ता महानगरपालिकेच्या खटल्यांतील सर्वोच्च न्यायालयाचा निर्णय आम्हांस महत्त्वाचा वाटतो. ३०० अ या एका ओळीच्या अनुच्छेदांत सात हक्क सामावलेले आहेत, असें त्यांत सांगितलें: नोटीस मिळण्याचा, म्हणणें ऐकलें जाण्याचा, सकारण निर्णय मिळण्याचा, संपादन सार्वजनिक प्रयोजनासाठींच होण्याचा, योग्य भरपाईचा, काम वेळेवर होण्याचा, आणि तें एकदां पूर्ण होऊन संपण्याचा. आमच्या चार प्रश्नांपैकीं तीन यांत आले. किंमत हा सातांपैकीं एकच हक्क आहे, हें सर्वोच्च न्यायालयानें स्पष्ट केलें तें बरें झालें.

८

राहिला चौथा प्रश्न, आणि तेथें आपल्या मंडळींचें कर्तव्य येतें. नोटीस जाते ती दप्तरांतील नांवास. इ. स. १८५२ च्या ११ व्या कायद्याखालीं इनाम कमिशन बसलें तेव्हां कागद दाखविण्याचा भार धन्यावर पडला, दाखविलेला कागद पेशवे दप्तराशीं ताडण्यांत आला, व दिवाणी न्यायालयाचें दार बंद होतें. ज्याच्या घरीं सनद शाबूत त्याचें चाललें. आज सातबाराची नोंद उलट सिद्ध होईपर्यंत खरी मानावयाची असा महाराष्ट्राच्या इ. स. १९६६ च्या महसूल कायद्याचा नियम आहे. तीन पिढ्या वारसनोंद झालेली नाहीं, वांटणी तोंडी झालेली, बहिणींचीं नांवें कधीं चढलींच नाहींत, अशा घरीं ही उलट सिद्धता जुन्या कागदांवांचून होत नाहीं.

असा कागद न्यायालयांत टिकावा कसा? इ. स. १८७२ च्या पुराव्याच्या कायद्यानें ३० वर्षांच्या जुन्या कागदास विशेष मान दिला होता, व १ जुलै २०२४ पासून लागू असलेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमांतही तो कायम आहे: त्यावरील सही व हस्ताक्षर न्यायालयास खरें मानतां येतें. परंतु अट अशी कीं, तो योग्य ताब्यांतून पुढें आलेला असावा. कागद जेथें स्वाभाविकपणें असावयाचा तेथें तो असला पाहिजे, अथवा तेथून तो सरळ मार्गानें आला हें दाखवितां आलें पाहिजे.

रद्दीच्या दुकानांतून वजनावर घेतलेला रुमाल, ज्यावर गांवाचें नांव नाहीं, घराण्याचें नांव नाहीं, कोणाकडून व केव्हां घेतला याची टीप नाहीं, तो इतिहासाच्या उपयोगी थोडाबहुत पडेल. ज्याची जमीन जात आहे त्याच्या उपयोगी क्वचितच पडेल. घराण्यांतून कागद घेतांना स्थळ, तारीख, देणाऱ्याचें घराण्याशीं नातें व कागदांची यादी येवढें टिपून त्यावर देणाऱ्याची सही घेण्यास घटकाभर पुरे. जमिनीच्या हक्काचा मूळ कागद असेल तर त्याचें छायाचित्र आपण घ्यावें व मूळ शक्यतों घरींच ठेवावें, कारण कायद्याचा तो मान मूळ कागदास आहे, नकलेस नाहीं. आणि एखाद्या गांवीं संपादनाची अधिसूचना निघाली असें कळल्यास आपल्या संग्रहांत त्या गांवचें काय आहे हें पाहून तेथील मंडळींस कळवावें. हरकतीची मुदत ६० दिवसांची आहे, आपल्या सूची त्याहून सावकाश निघतात.

या कायद्याच्या प्रती सुधारत आल्या त्या आपोआप नव्हेत. प्रत्येक चांगल्या कलमामागें कोणीतरी चुकीचें कलम सोसलेलें आहे. पुढील प्रतींत काय लिहिलें जावें हें ठरविणें आपल्या हातीं थोडें. ज्या कागदांवर तिचा लाभ अवलंबून राहील ते शाबूत व सप्रमाण ठेवणें मात्र पुरतें आपल्या हातीं आहे. इत्यलम्.